अंगावरचा टाका

पडद्यावरच्या चार-सहा हडळींची पांढरी लुगडी मी माझ्या हाताने निळीत बुडवून, वाळवून, इस्त्री करून दिलेली आहेत. त्यातली एक हडळ लुगडं पायात येऊन धपकन पडली आणि पडल्या पडल्या तिने लाइटवाल्याला ज्या शिव्या घातल्या त्या मला अजून पाठ आहेत. अशा बाईचा भुताखेतांवर काय कप्पाळ विश्वास बसणार? तुमच्या या सदरातले अनुभव मी नेमाने वाचते, पण खरं सांगू का — बऱ्याचदा हसूच येतं. निर्जन रस्ता, पैंजणांचा आवाज, मागे वळून पाहिलं तर कुणी नाही... अहो, पैंजणवाली बाई शेजारच्या बोळात वळली असेल!

तरीही आज लिहायला बसले आहे. कपडा अंगाला बसत नसेल तर बेतताना कुठे चुकलं ते मला बघताक्षणी कळतं, उभा जन्म त्यातच गेला. पण ही एक गोष्ट कुठूनही धरली तरी बसत नाही. मी गेल्यावर ती सांगायला कुणी उरणार नाही, म्हणून सांगते.

मी कुसुम, राहणार चिंचवडगाव. ऐतिहासिक चित्रपटांची वेशभूषा हे माझं काम. आता ‘कॉस्च्युम डिझायनर’ म्हणतात, आमच्या वेळी आम्ही ‘कपडेपटवाले’ होतो. पुण्याच्या एका स्टुडिओत दामूमास्तर नावाचे, नाटक कंपनीत केस पांढरे केलेले गृहस्थ कपडेपटाचे मुख्य होते. माझी आई घरी शिवणाचे क्लास घ्यायची. तिची शिलाई पाहायला आलेल्या मास्तरांनी माझीच उचलबांगडी केली. ‘मुलगी सिनेमात गेली’ म्हणून आळीतल्या बायकांनी आईला हळदीकुंकवाला बोलावणं सोडलं. आणि मुलगी सिनेमात करत काय होती, तर मावळ्यांच्या चोळण्यांना नाड्या ओवत होती!

हल्ली मालिकांमधले मावळे सॅटिनचे अंगरखे घालून लढतात, ते पाहिलं की माझं डोकं उठतं. आम्ही पिंपरी कॅम्पातल्या सिंधी दुकानदारांकडून मांजरपाटाचे तागे उचलायचो, चहाच्या पाण्यात उकळायचो, मातीत लोळवायचो, दगडावर घासायचो. नवं कापड दहा वर्षं वापरल्यासारखं दिसलं पाहिजे ही मास्तरांची शिस्त. कापड कसं जुनं होतं, घडीवर कसं विरतं, उन्हाने कुठे उडतं, हे मला तेव्हाच नीट कळायला लागलं होतं. हे मुद्दाम सांगतेय, पुढे लागणार आहे.

तर ही गोष्ट १९५०च्या दशकाच्या मध्यावरची. पिंपरीला औषधांचा कारखाना नुकता सुरू झाला होता. तेवढं सोडलं तर मोशीपासून चाकणपर्यंत नुसती शेतं आणि माळ. आज जिथे कंपन्यांच्या बसेस शिफ्टची माणसं सोडतात, तिथे तेव्हा टिटव्या ओरडायच्या. आमच्या चित्रपटात एक मोठी लढाई होती आणि तिच्यासाठी डायरेक्टरसाहेबांनी निघोज्याच्या वरचा माळ निवडला. दामूमास्तरांच्या डोळ्याचं ऑपरेशन झालेलं, त्यामुळे कपडेपटाची जबाबदारी पहिल्यांदाच माझ्या एकटीवर आली. सोबतीला शंकर नावाचा आमचा शिंपी होता, मोठा कामसू पण पक्का विसराळू.

पुरुष मंडळी शाळेत आणि तंबूत उतरली. मी एकटी बाई, म्हणून माझी सोय गावातल्या एका शेतकऱ्याच्या घरी केली. घरात तीन माणसं. ज्ञानबा नावाचा कर्ता मुलगा, त्याची म्हातारी आई, आणि धाकट्या मुलाची बायको हौसा. धाकटा मुलगा, सदू, घरात नव्हता. लग्न झालं त्याच वर्षी तो पलटणीत भरती झाला, महायुद्धात समुद्रापार गेला आणि परत आलाच नाही. मेला असं सरकारने कळवलं नाही, जगला असंही नाही. बेपत्ता.

हौसा माझ्याहून थोडी मोठी, तिशीतली. उंच, काटक, कपाळाला आडवं ठसठशीत कुंकू. बारा वर्षं ती ते कुंकू लावत होती. आणि मी ज्या आठवड्यात त्या घरात उतरले नेमक्या त्याच आठवड्यात ते पुसायचं की नाही यावरून घरात धुसफूस चाललेली.

झालं होतं असं, की माणूस बेपत्ता होऊन बारा वर्षं झाली की तो गेला असं समजून त्याचा पुतळा करतात, पळसाच्या पानांचा. त्याला अग्नी देतात, मग बाराव्या-तेराव्याचं सगळं करतात. म्हातारीला ते येत्या अमावस्येलाच उरकायचं होतं. तिची तब्येत ढासळली होती.

“माजा काय भरवसा?” ती मला म्हणाली. “माज्यामागं त्याला पानी कोन देनार? बारा वर्सं तान्हेलाय माजा ल्योक.”

आणि हौसा चुलीपुढून, मागे न बघता म्हणाली, “मेलाय कुनी सांगितलं? भटजी म्हनत्यात पुतळ्याला त्यांच्या अंगाला लागल्यालं कापड पायजे. हाय का घरात? चिंधूक न्हाई त्यांचं. मग कुनाला जाळता?”

हे खरं होतं. सदू गेला तेव्हा त्याच्याकडे कपड्यांचे दोनच जोड होते. एक ज्ञानबाने वापरून फाडला. दुसरा अंगावर घालून तो भरतीला गेला, तिकडे वर्दी मिळाली आणि घरचे कपडे तिकडेच जमा झाले. भटजींनी कापडाशिवायही चालेल म्हणून सांगितलं होतं, पण हौसा त्या एका कापडाला धरून बसली होती. मला दोघींचंही पटायचं. म्हातारी जेवताना पहिला घास बाजूला काढायची तेव्हा तिचं पटायचं, आणि हौसा सकाळी आरशाच्या तुकड्यात बघून कुंकू लावायची तेव्हा हिचं. बाहेरची बाई मी, बोलणार तरी काय?

हौसाचा शिवणाचा हात चांगला होता. दुपारी काम आटोपलं की ती माळावर यायची आणि अंगरख्यांचे बंद लावायला मदत करायची. पहिल्याच दिवशी एक गंमत झाली. आमच्या धंद्यात अंगावर टाका घालणं रोजचंच. नट कपडे घालून उभा राहतो तेव्हाच कळतं कुठे ढगळ होतंय, आणि कॅमेरा तयार असताना कपडा काढायला वेळ कुणाला असतो? मी आमच्या सेनापतीच्या खांद्यावर असाच टाका घालायला गेले, तेवढ्यात हौसा धावत आली आणि कडब्याची काडी तिने सरळ त्या नटाच्या तोंडासमोर धरली.

“आदी ही धरा दातात!”

सेनापती हसायला लागला. मी चिडले. “वहिनी, शॉट तयार आहे. हे कसलं खूळ?”

“काडी धरल्याबगर टाका घालू नका बाई,” ती म्हणाली. आवाजात असं काही होतं की सेनापतीने मुकाट्याने काडी दातात धरली.

संध्याकाळी परत जाताना मी तिला छेडलं. “काय हो वहिनी, आमच्या सेनापतीला बैल समजलात का? कडबा चारत होतात तो?”

ती हसली नाही. “अंगावरचा टाका मढ्याला घालत्यात, बाई. जित्या मानसाला घालायचा तर त्यानं काडी धरायची. म्हंजी सुईला कळतं, ह्यो जिता हाय.”

मग थोडं चालून गेल्यावर आपणहून म्हणाली, “भरतीला निघालं त्या दिशी खांद्यावं सदरा उसवल्याला. म्हनलं काडा, शिवून देते. म्हनले, मोटार जाईल, असाच शिव. पांढरा दोरा सापडंना, मग पदराचाच लाल दोरा वढून घेतला. टाका घातला... आन काडी द्यायची राहिली.”

बारा वर्षं ही बाई ते उरात घेऊन जगत होती. मला गलबलून आलं. नेहमीची मी असते तर ‘हा सगळा वेडेपणा आहे’ म्हणून दोन गोष्टी सुनावल्या असत्या, पण त्या दिवशी नुसती तिच्याबरोबर चालत राहिले. दुसऱ्या दिवसापासून मी कडब्याच्या काड्यांची एक जुडी सुयांच्या डब्याशेजारी ठेवायला लागले. विश्वास बसला म्हणून नव्हे, तिच्यासाठी.

मग लढाईचा दिवस आला. निघोजे, कुरुळी, मोई, खालुंब्रे — आजूबाजूच्या गावांतली माणसं मावळे व्हायला आलेली. इतक्या लोकांना कपडे वाटायचे आणि संध्याकाळी परत घ्यायचे म्हणजे मोठं जोखमीचं काम. अर्ध्यांना अक्षरओळख नाही, त्यामुळे नंबर लिहून भागत नाही. यावर दामूमास्तरांची एक जुनी युक्ती होती. प्रत्येकाने स्वतःचे कपडे स्वतःच्याच धोतरात किंवा पटक्यात बांधून गठुडं आमच्याकडे ठेवायचं. जुन्या लुगड्याची एक चिंधी हाताने टरकावून दोन करायची. अर्धी गठुड्याला बांधायची, अर्धी त्या माणसाच्या मनगटाला. संध्याकाळी अंगरखा परत केला की दोन चिंध्या जुळवून बघायच्या. हाताने फाडलेली कड दुसऱ्या कुठल्याच कडेशी जुळत नाही, त्यामुळे एकाचं गठुडं दुसऱ्याला जायची भीतीच नाही.

सकाळी नुसती झुंबड होती. एकीकडे मी वाटतेय, एकीकडे शंकर. मेकअपवाला प्रत्येकाला मिशा चिकटवून तोंडाला माती फासतोय. भाऊ भावाला ओळखणार नाही अशी अवस्था.

दुपारी जेवणाची सुट्टी झाली. माणसं बाभळींच्या सावलीला भाकरी खायला पांगली. ऊन मी म्हणत होतं. मी ट्रकच्या सावलीत बसून फाटके अंगरखे शिवत होते. एक मावळा समोर येऊन उभा राहिला, सावलीत नाही, उन्हातच.

“बाई, काखंत उसवलंय जरा.”

“काढा, शिवून देते.”

“असाच घाला की टाका. पुन्यांदा बोलावतील.”

मी उठले. चेहरा कसा होता विचाराल तर सांगता येणार नाही. मिशा, माती, कपाळावर ओढलेलं मुंडासं... आणि मी माणसाकडे बघतच नाही, कपड्याकडे बघते, ही माझी जुनी खोड. मी जुडीतून काडी काढून त्याच्यापुढे धरली.

“ही दातात धरा.”

त्याने काडी घेतली आणि तिच्याकडे बघत राहिला. “हे कुनी सांगितलं तुमास्नी?”

“मी ज्या घरी उतरलेय ना, त्या घरच्या सुनेने. धरा, मला वेळ नाही.”

त्याने काडी कानामागे खोचली. “असू द्या,” म्हणाला.

मला वाटलं, आहे कुणी शहाणा, असल्या गोष्टी न मानणारा. मनातून बरंही वाटलं. टाके घालताना लक्षात आलं की तो टाचा जुळवून, हात सरळ सोडून उभा आहे.

“पलटणीत होतात का?”

“व्हय.”

“रजेवर आलात?”

“रजाच म्हना.” मग जरा वेळाने त्याने विचारलं, “ही कापडं जमा केली की घरची परत मिळत्यात न्हवं?”

“चिंधी दाखवलीत की लगेच.”

“तिकडं न्हाई मिळाली,” तो म्हणाला. तक्रार नव्हती आवाजात, नुसतं सांगणं. “माजं गठुडं घरी द्या बाई तुमी. मला यायला जमायचं न्हाई.”

“अहो, कुणाच्या घरी?” मी दोरा तोडायला वाकले होते. तेवढ्यात असिस्टंटने भोंग्यातून सगळ्यांना हाक मारली, बाभळीखालची माणसं धावत सुटली आणि हा त्यांच्यात मिसळून चालायला लागला. नाहीसा वगैरे झाला नाही. चांगला दोन पायांनी चालत गेला.

फक्त एक गोष्ट मला नंतर आठवली. त्या दिवशी मी जेवढे अंगरखे हातात घेतले ते सगळे काखेत घामाने चिंब होते. ह्याची काख कोरडी ठणठणीत होती.

दिवस मावळायच्या बेताला अंगरखे जमा झाले, चिंध्या जुळल्या, माणसं घरी गेली. एक गठुडं उरलं. आणि एक अंगरखा कमी. मी शंकरवर वैतागले, शंकर माझ्यावर. शेवटी तो दुपारचा शहाणाच अंगरखा घालून पसार झाला असणार असं ठरवून, गठुडं काखोटीला मारून मी घरी आले. आत काही खूण सापडली तर कुठल्या गावचा ते कळेल, एवढाच हेतू.

हौसा नुकतीच देवापुढे दिवा लावून बाहेर आली होती. ओसरीत म्हातारी बसलेली, ज्ञानबा बैलांना वैरण टाकत होता. मी गठुडं सोडलं. धोतर, त्यात एक बंडी, एक सदरा. मी सदरा झटकून समोर धरला.

खांद्यावर लाल दोऱ्याचे टाके होते. घाईचे, वेडेवाकडे.

हौसाने तो माझ्या हातातून ओढून घेतला नाही. जवळ आली आणि त्या टाक्यांवर नुसतं बोट ठेवलं. ज्ञानबाच्या हातातला कडबा खाली पडला.

मी कपड्यांची माणूस. त्याही अवस्थेत माझं डोकं कापडाकडेच गेलं. बारा वर्षं कुठे बांधून ठेवलेलं कापड घडीवर पिवळं पडतं, विरतं. हा सदरा काल धुऊन वाळवल्यासारखा होता. आणि त्याला वास येत होता तो त्याच घरातल्या चुलीच्या धुराचा.

“कुनी दिलं?” हौसाने विचारलं.

मी दुपारचं सगळं सांगितलं. ती शब्द न् शब्द ऐकत होती. मग तिने मला विचारलं, आणि तो प्रश्न मी जन्मात विसरणार नाही.

“काडी दिली व्हती?”

“दिली.”

“धरली? दातात?”

ओसरीत सगळे माझ्याकडे बघत होते. ‘हो’ म्हणायला माझं काय जात होतं? एका शब्दावर त्या बाईचं कुंकू राहिलं असतं. पण तिकडे म्हातारीही बघत होती, बारा वर्षं घास बाजूला काढणारी. मला खोटं बोलवेना.

“नाही,” मी म्हणाले. “कानामागे खोचली.”

हौसा खाली बसली. माझ्या हातातला सदरा तिने मांडीवर घेतला. मग सदऱ्याची तिने नीट घडी केली, उठली आणि तो म्हातारीच्या मांडीवर नेऊन ठेवला.

“घ्या आत्याबाई. त्यांनीच आनून दिलं. करा आता त्यांचं.”

म्हातारीने सदऱ्यात तोंड खुपसलं आणि जो हंबरडा फोडला... मी तिथे थांबूच शकले नाही. उठून गोठ्यात गेले आणि बैलाच्या पाठीवर डोकं टेकून रडले.

अमावस्येला इंद्रायणीच्या काठावर पळसाच्या पानांच्या पुतळ्याला तो सदरा घातला आणि ज्ञानबाने अग्नी दिला. हौसाच्या बांगड्या फोडल्या तेव्हा तिने स्वतःच हात पुढे केले. शूटिंगला सुट्टी होती म्हणून मी लांब उभी राहून पाहिलं. ते पाहिलं नसतं तर बरं झालं असतं असं आजही वाटतं.

ज्ञानबाचं म्हणणं पडलं, “सोबती असंल त्याचा. कापडं पोचवायला आला असंल, घरी त्वांड दाखवायचा धीर झाला न्हाई.” मला ते एकदम पटलं. मी ते घट्ट धरून ठेवलं. सदूने कपडे कुठे जमा केलेच नसतील, जवळ ठेवले असतील, मरताना सोबत्याला दिले असतील, सोबत्याने जपले असतील. चुलीचा वास? कुठल्याही चुलीला तसाच वास येतो. कोरडी काख? काही माणसांना घाम कमी येतो. बघा, सगळं कसं व्यवस्थित बसत होतं.

आमचं पॅकअप झालं. अंगरखे मी स्वतःच्या हाताने पेटाऱ्यात भरले, मध्ये मध्ये कडुलिंबाचा पाला घातला, कुलूप लावलं. किल्ली माझ्या कमरेला. पेटारा ट्रकमधून चिंचवडला आमच्या घरी आला, कारण धुलाई आईच्या देखरेखीखाली व्हायची होती. दुसऱ्या दिवशी सकाळी दारात ऊन आलेलं असताना, आई शेजारी बसलेली असताना, मी तो उघडला.

सगळ्यात वर एक अंगरखा होता. आमची घडी लांबट असते, बाह्या आत दुमडलेल्या. ही घडी चौकोनी होती, कडा पट्टीने आखल्यासारख्या. पलटणीतली माणसं वर्दीची करतात तशी. घडीवर मधोमध एक चिंधी ठेवलेली.

उरलेल्या गठुड्याची चिंधी मी सुयांच्या डब्यात ठेवली होती. ती आणली. दोन्ही कडा एकमेकींना लावल्या. दोरा न् दोरा जुळला.

“काय गं, पांढरी का पडलीस?” आईने विचारलं. मी उत्तर न देता अंगरखा उलगडला. काखेत माझे टाके होते, माझा हात मी ओळखणार नाही का? आणि घडीच्या आतून एक कडब्याची काडी पडली. मी उचलून उजेडात धरली.

तिच्यावर दात उमटले होते.

मी त्याच दिवशी निघोज्याला गेले. चाकणच्या रस्त्यापर्यंत एस.टी., पुढे पायी. वाटेत दहा वेळा वाटलं, माघारी फिरावं. काय सांगणार होते मी तिला? की मी ‘नाही’ म्हणाले आणि ते चूक होतं? की तो जिवंत आहे आणि आपण जिवंत माणसाला जाळलं? तिच्या कपाळाची ती रिकामी जागा आठवली की पाय उचलेना. पण न सांगता राहणंही जमणारं नव्हतं. ज्याची वस्तू त्याला, हा कपडेपटाचा पहिला नियम.

हौसा विहिरीवर होती. मी एका दमात सगळं सांगून टाकलं आणि काडी तिच्या हातावर ठेवली.

तिने ती डोळ्यांजवळ नेली, बोटाने फिरवली. “ही मधी फट दिसती का, बाई?” ती म्हणाली. “ह्यो दात मोडल्याला त्यांचा. गोफनीचा दगड लागून.”

“वहिनी... म्हणजे ते जिवंत...?”

तिने मान हलवली. नाही म्हणून. बारा वर्षं जी बाई कुणाचं ऐकत नव्हती, तिने अगदी शांतपणे मान हलवली.

“तुमी दिलेली तवा कापडं पोचवायच्या घाईत व्हते. आता पानी मिळालं, निवांत झाले, मंग धरली,” ती म्हणाली. आणि मग तोंडाला पदर लावून ती हसायला लागली, हसता हसता डोळे वाहायला लागले. “पयल्यापास्नं असंच ह्यांचं. सांगितल्यालं काम करायचं, पन येळ टळून गेल्यावर! आता धरून काय उपेग, सांगा बगू?”

मग डोळे पुसत, हळू, माझ्याशी नव्हे — “पन धरली. माज्यावरचं वझं उतरवलं.”

तो चित्रपट पडला. पण माझं नाव झालं आणि पुढे मी खूप कामं केली. म्हातारी त्याच पावसाळ्यात गेली. त्यानंतर हौसा माझ्याकडे चिंचवडला शिवणाला आली ती शेवटपर्यंत राहिली. आमच्या कपडेपटात अंगावर टाका घालायचा तर मोठ्यातल्या मोठ्या नटालाही काडी धरावी लागायची. ‘कुसुमबाईंचा कडबा’ म्हणून आमची टिंगल व्हायची, होऊ दे.

सोबती असेल, हे मी अजूनही म्हणून बघते. मग कुलूपबंद पेटाऱ्यात त्याने घडी कशी ठेवली? शंकरने खोडी काढली असेल? त्या विसराळूला स्वतःची कात्री सापडत नसे, तो फाटक्या चिंधीची जोडी कुठून जमवणार? आणि तो मोडका दात? कुठूनही बेतलं तरी शेवटी एक टोक बाहेर राहतंच. तुमच्यापैकी कुणाला उलगडा झाला तर मला कळवा, मी आनंदाने मान्य करीन.

चिंधीचे दोन्ही तुकडे माझ्याकडे आहेत, ज्याला बघायचे त्याने येऊन बघावे. काडी मात्र नाही. ती हौसाने मला कधी परत दिली नाही, आणि मीही मागितली नाही.